विद्यापीठाने ‘अपात्र’ ठरवले तर: उच्च न्यायालयात दाद कशी मागावी

महाराष्ट्रातील महाविद्यालयात प्रवेश घेताना विद्यार्थी एलिजिबिलिटी फॉर्म भरतो, मूळ कागदपत्रे जमा करतो, शुल्क भरतो, त्याला पीआरएन (विद्यापीठाचा कायम नोंदणी) क्रमांक मिळतो आणि पात्रतेचा विषय संपला असे तो धरून चालतो. प्रत्यक्षात तो प्रवेश तात्पुरत्या पात्रतेवर झालेला असतो आणि विद्यापीठाचा पात्रता विभाग कागदपत्रांची छाननी पुढे केव्हातरी करतो. मग दुसऱ्या किंवा तिसऱ्या वर्षी, कधी थेट अंतिम परीक्षेनंतर, गुणपत्रिकेऐवजी ‘निकाल राखीव’ असा शेरा हाती पडतो. हा लेख प्रामुख्याने अशा विद्यार्थ्यासाठी आणि त्याच्या पालकांसाठी आहे. केटीच्या (नापास विषय शिल्लक ठेवून पुढच्या वर्षात जाण्याच्या) नियमामुळे ज्याचे वर्ष अडले आहे किंवा हजेरी कमी असल्याने ज्याचे हॉल तिकीट रोखले गेले आहे, त्यालाही यातील बहुतेक पायऱ्या लागू पडतात.

नियम कठोर आहे किंवा आपले वर्ष वाया जाईल, एवढ्या कारणावर उच्च न्यायालय सहसा हस्तक्षेप करत नाही, हे आधीच समजून घ्यावे. उत्तरपत्रिकांच्या फेरतपासणीला मनाई करणारा महाराष्ट्राच्या परीक्षा मंडळाचा नियम मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केला होता. १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला आणि शैक्षणिक धोरण ठरवण्याचे काम त्या क्षेत्रातील संस्थांवर सोपवावे, अशी भूमिका घेतली. तेव्हापासून विद्यापीठांचे वकील जवळपास प्रत्येक प्रकरणात हाच निकाल पुढे करतात. नियम करण्याचा अधिकार विद्यापीठाला होता का, त्याने स्वतःचाच नियम पाळला का, तो सर्वांना सारखा लावला का, तुमचे म्हणणे ऐकून घेतले का आणि तुम्ही वेळेवर आलात का, एवढेच प्रश्न न्यायालय विचारते. याचिकेची सारी बांधणी या प्रश्नांभोवती झाली पाहिजे.

मूळ नियम हाती घ्या

बहुतेक विद्यार्थी महाविद्यालयाच्या कारकुनाने तोंडी सांगितलेल्या नियमावर भांडतात आणि तेथेच चूक होते. महाराष्ट्रातील सार्वजनिक विद्यापीठे महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ नुसार चालतात. त्या अधिनियमाखाली परिनियम, अध्यादेश आणि विनियम केले जातात आणि त्यांच्याही खाली परिपत्रके असतात. येथील ‘अध्यादेश’ म्हणजे राज्यपालांनी काढलेला सरकारी अध्यादेश नव्हे. विद्यापीठाने स्वतःच्या अधिकारात केलेल्या नियमांचे ते नाव आहे. ही उतरंड फार महत्त्वाची आहे, कारण अध्यादेशाने दिलेली पात्रता एखाद्या विभागाचे परिपत्रक काढून घेऊ शकत नाही. तुमच्या प्रवेशाच्या वर्षी लागू असलेला मजकूर मिळवा. आज संकेतस्थळावर दिसणारी प्रत नंतर बदललेली असू शकते आणि न्यायालयात नेमक्या त्या वर्षीच्या नियमाला महत्त्व असते.

अभियांत्रिकी, औषधनिर्माण, व्यवस्थापन, विधी अशा व्यावसायिक अभ्यासक्रमांमध्ये पात्रतेचे दार एकच नसते. राज्य सीईटी (सामाईक प्रवेश परीक्षा) कक्ष स्वतःच्या प्रवेश नियमांनुसार जागा वाटप करतो, २०१५ च्या प्रवेश व शुल्क विनियमन कायद्याखालील प्रवेश नियामक प्राधिकरण झालेल्या प्रवेशांना मान्यता देते आणि त्यानंतर विद्यापीठ स्वतंत्रपणे पात्रता तपासते. शिवाय काही नियम विद्यापीठाचे नसून शिखर संस्थांचे, म्हणजे त्या शिक्षणाचे देशपातळीवर नियमन करणाऱ्या संस्थांचे, असतात. उदाहरणार्थ, विधी महाविद्यालयांतील हजेरीची ७० टक्के ही अट बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या २००८ च्या नियमांतून आलेली आहे. तुम्हाला नेमके कोणी, कोणत्या नियमाखाली आणि कोणत्या टप्प्यावर अडवले आहे, याचे लेखी उत्तर मिळेपर्यंत पुढचे पाऊल टाकू नये. तोंडी नकार मिळाला असल्यास त्याच दिवशी प्राचार्यांना आणि विद्यापीठाच्या कुलसचिवांना अर्ज देऊन कारण लेखी मागावे आणि पोचपावतीवर आवक क्रमांकासह शिक्का घ्यावा. ई-मेलने पाठवलेल्या अर्जाचीही छापील प्रत जपून ठेवावी.

सोबत माहिती अधिकाराचा अर्ज करता येतो. त्याला १० रुपये शुल्क असते आणि उत्तरासाठी सर्वसाधारणपणे ३० दिवसांची मुदत असते, पण परीक्षा पंधरा दिवसांवर आली असेल तर या उत्तराची वाट पाहत बसणे घातक ठरते. अर्ज करावा आणि इतर तयारी त्याच वेळी सुरू ठेवावी. वाद गुणांचाही असेल, तर स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये माहिती अधिकाराखाली मान्य केलेला आहे, हे लक्षात ठेवावे.

आव्हान नेमके कशाला द्यायचे

वकिलाकडे जाण्यापूर्वी हा प्रश्न स्वतःशी सोडवला, तर निम्मे काम होते. नियमच घटनाबाह्य आहे असे म्हणणे हे सर्वांत अवघड आव्हान आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद १४ च्या समानतेच्या तत्त्वाशी तो विसंगत असल्याचे किंवा तो करण्याचा अधिकारच नसल्याचे तेथे दाखवावे लागते. अशी आव्हाने यशस्वी होतात, पण त्यांना वर्षे लागतात. चंडीगडच्या वैद्यकीय महाविद्यालयातील पदव्युत्तर जागांसाठीची रहिवासावर आधारित अट सर्वोच्च न्यायालयाने २९ जानेवारी २०२५ रोजी घटनाबाह्य ठरवली. मात्र त्या अटीखाली आधीच प्रवेश घेतलेल्यांना धक्का लावला नाही. स्वतःचे एक वर्ष वाचवू पाहणाऱ्या विद्यार्थ्याने केवळ या एका मुद्द्यावर विसंबू नये.

नियम योग्य असला तरी त्याचा अर्थ चुकीचा लावला आहे किंवा तो मला लागूच होत नाही, हे आव्हान बरेच अधिक फलदायी असते. त्यात एक भेद विद्यार्थ्यांनी मनावर कोरून ठेवावा: पात्रता असणे वेगळे आणि पात्रतेचा पुरावा सादर करणे वेगळे. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी १९८० साली केरळमधील वैद्यकीय पदव्युत्तर प्रवेशाच्या प्रकरणात हा भेद स्पष्ट केला. पदविका मुदतीपूर्वी मिळालेली असेल आणि तिचा दाखला फक्त नंतर जोडला गेला असेल, तर तेवढ्यावरून उमेदवाराला डावलता येत नाही. २००४ साली ओडिशातील प्रवेशाच्या एका प्रकरणातही सर्वोच्च न्यायालयाने पुराव्याच्या बाबतीत अशीच लवचीक दृष्टी ठेवली. मायग्रेशन प्रमाणपत्र उशिरा आले, दुसऱ्या राज्यातील मंडळाच्या समकक्षतेचे पत्र नंतर मिळाले, अशा प्रसंगी हा युक्तिवाद अतिशय उपयोगी पडतो. परंतु ठरलेल्या तारखेला ती पात्रताच तुमच्याकडे नसेल, म्हणजे पदवीचा निकालच त्यानंतर लागला असेल, तर हा आधार उरत नाही.

माझे म्हणणे न ऐकता, कारण न देता किंवा माझ्यासारख्याच इतरांना सवलत देऊन मला नाकारले, हे आव्हान निर्णयाच्या पद्धतीला दिलेले असते. यात न्यायालय बहुधा प्रकरण विद्यापीठाकडे फेरविचारासाठी परत पाठवते. विद्यार्थ्याला तो अर्धा विजय वाटतो, पण फेरविचारासाठी ठरावीक दिवसांची मुदत मागून घेतली तर त्याचा खरा उपयोग होतो.

‘इतकी वर्षे शिकू दिले, आता कसे नाकारता?’

उशिरा अपात्र ठरलेल्या प्रत्येक विद्यार्थ्याच्या मनात हा प्रश्न असतो आणि माझ्या मते तो पूर्णपणे न्याय्य आहे. छाननीचा विलंब विद्यापीठाचा आणि त्याची शिक्षा मात्र विद्यार्थ्याला, ही रीत बदललीच पाहिजे. कायद्यात या प्रश्नाचे उत्तर दोन्ही बाजूंनी मिळते, म्हणून दोन्ही बाजू माहीत हव्यात.

विद्यार्थ्याच्या बाजूने पहिला आधार १९७५ च्या कुरुक्षेत्र विद्यापीठाच्या प्रकरणाचा आहे. विधी शाखेच्या विद्यार्थ्याला परीक्षेला बसू दिल्यानंतर हजेरी कमी असल्याचे कारण देऊन त्याची उमेदवारी रद्द करण्यात आली होती. न्यायमूर्ती फझल अली यांनी लिहिलेल्या निकालानुसार, अर्जाची छाननी परीक्षेआधी करणे हे विद्यापीठाचे कर्तव्य होते आणि थोडी काळजी घेतली असती तर जे सहज कळले असते, ते विद्यार्थ्याने फसवून लपवले असे विद्यापीठाला नंतर म्हणता येणार नव्हते. १९९० साली ओडिशातील बेऱ्हामपूर विद्यापीठाच्या प्रकरणात विद्यार्थ्याने प्रवेशाच्या वेळीच गुणपत्रिका दिली होती आणि त्याला पुढच्या परीक्षाही देऊ दिल्या होत्या. सर्वोच्च न्यायालयाने निकाल रोखणे चुकीचे ठरवले. १९८६ च्या कर्नाटक विद्यापीठाच्या प्रकरणात विद्यार्थी नियमानुसार अपात्रच असल्याचे न्यायालयाने मान्य केले, तरीही दोष प्रवेश देणाऱ्या अभियांत्रिकी महाविद्यालयांचा असल्याने त्यांना शिक्षण पूर्ण करू दिले.

विरुद्ध बाजूही तितकीच भक्कम आहे. विद्यापीठ ज्या कायद्याने जन्माला आले त्याच कायद्याचा भंग करण्याचा आदेश न्यायालय देऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८६ सालीच आंध्र प्रदेशातील परवानगीविना सुरू झालेल्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या प्रकरणात स्पष्ट केले. १९९३ साली गुरु नानक देव विद्यापीठाच्या आणि २००८ साली केरळमधील महात्मा गांधी विद्यापीठाच्या प्रकरणात, अपात्र विद्यार्थ्यांना केवळ सहानुभूतीपोटी दिलासा देण्याच्या प्रवृत्तीवर न्यायालयाने कठोर टीका केली. नियमाविरुद्ध प्रतिषेधाचे तत्त्व (एस्टॉपेल, म्हणजे आधी एक वागून नंतर उलट भूमिका घेता येत नाही हे तत्त्व) चालत नाही, असे २०१० साली महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणात म्हटले गेले.

या दोन प्रवाहांतून वाट काढायची असेल, तर याचिकेत तीन गोष्टी कागदाने सिद्ध कराव्या लागतात. तुम्ही अर्जात काहीही लपवले नाही आणि खरी गुणपत्रिका पहिल्याच दिवशी दिली. ती विद्यापीठापर्यंत ठरावीक तारखेला पोहोचली, म्हणजेच महाविद्यालयाने पाठवलेल्या पात्रता प्रस्तावाच्या पत्राची प्रत तुमच्याकडे आहे. आणि नियमाचा तुम्हाला पात्र ठरवणारा असा एखादा अर्थ निघू शकतो. बेऱ्हामपूरच्या प्रकरणातही नियमाचा अर्थ विद्यार्थ्याच्या बाजूने निघत होता, ही गोष्ट पुष्कळ जण विसरतात. केवळ वर्षे गेली, एवढ्यावर भिस्त ठेवणारी याचिका कमजोर असते. प्रवेश अर्जात जात, गुण किंवा आधीच्या प्रवेशाची माहिती चुकीची दिली असेल, तर ते वकिलापासून लपवू नये, कारण ते विद्यापीठाच्या प्रतिज्ञापत्रात येतेच आणि मग अंतरिम (अंतिम निकालापूर्वीचा तात्पुरता) आदेशही हातातून जातो.

न्यायालयाआधीची पायरी

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या ११ एप्रिल २०२३ च्या विनियमांनुसार प्रत्येक उच्च शिक्षण संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती असणे आवश्यक आहे. समितीने तक्रार मिळाल्यापासून १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो. तिच्या निर्णयाने समाधान न झाल्यास १५ दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे (विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या ओम्बड्सपर्सनकडे) अपील करता येते आणि त्यांनी ते ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करायचा असतो. विशिष्ट अनियमितता किंवा भेदभाव दाखवल्याशिवाय फेरमूल्यांकनाची मागणी मात्र लोकपाल विचारात घेत नाहीत.

ही पायरी गाळून थेट उच्च न्यायालयात गेल्यास, पर्यायी उपाय असताना येथे का आलात, हा प्रश्न पहिल्याच दिवशी विचारला जातो. पर्यायी उपाय असणे हा पूर्ण अडसर नाही. मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा (म्हणणे ऐकून घेण्यासारख्या तत्त्वांचा) भंग, अधिकारकक्षेबाहेरचा निर्णय किंवा नियमाच्याच वैधतेला आव्हान असेल, तर याचिका चालू शकते. तरीही, परीक्षा तोंडावर आली नसेल तर तक्रार अवश्य करावी आणि आली असेल तर तक्रार दाखल करून तिची पोच याचिकेला जोडावी. ग्राहक आयोगाकडे जाण्याचा सल्ला कोणी दिला तर तो मानू नये. परीक्षा घेणारे मंडळ ग्राहक कायद्याच्या अर्थाने सेवा पुरवत नाही, हे २००९ साली बिहारच्या परीक्षा मंडळाच्या प्रकरणात ठरले आणि २०१० च्या महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणात ग्राहक मंचांनी विद्यार्थिनीला दिलेला दिलासा सर्वोच्च न्यायालयाने काढून घेतला. (त्या प्रकरणातील वाद एकाच वेळी दोन अभ्यासक्रम करण्याचा होता; विद्यापीठ अनुदान आयोगाने २०२२ पासून अशी मुभा दिली आहे, पण निकालातील तत्त्व कायम आहे.)

याचिका कोठे आणि कोणाविरुद्ध

दाद राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालील रिट याचिकेने मागायची असते. मुंबईच्या मुख्यपीठाबरोबर नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि पणजी येथे मुंबई उच्च न्यायालयाची खंडपीठे आहेत, आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरला सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) सुरू झाले आहे. विदर्भातील जिल्हे नागपूरकडे येतात, मराठवाड्याबरोबर जळगाव, धुळे, नंदुरबार आणि अहिल्यानगर हे जिल्हे संभाजीनगरकडे, आणि गोवा विद्यापीठाचा विद्यार्थी पणजीला दाद मागतो. विद्यापीठाचे मुख्यालय एका जिल्ह्यात आणि महाविद्यालय दुसऱ्या जिल्ह्यात असेल, तर वादाच्या कारणाचा काही भाग कोठे घडला हे पाहिले जाते. नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाशी संलग्न नागपूरच्या महाविद्यालयातील विद्यार्थ्याला प्रत्येक वेळी मुंबई गाठण्याची गरज नसते.

प्रतिवादी म्हणून कुलसचिवांमार्फत विद्यापीठ, प्राचार्यांमार्फत महाविद्यालय आणि नियम शिखर संस्थेचा असल्यास ती संस्था, यांना सामील करावे. सीईटी कक्ष किंवा प्रवेश नियामक प्राधिकरणाने अडवले असेल तर त्यांना आणि राज्य शासनालाही. आवश्यक पक्षकार राहून गेला तर सुनावणी पुढे ढकलली जाते आणि नेमका तोच आठवडा परीक्षेचा असतो. महाविद्यालय खासगी आहे म्हणून घाबरू नये. सार्वजनिक कर्तव्य पार पाडणाऱ्या खासगी संस्थेलाही परमादेश (कर्तव्य पार पाडण्याचा न्यायालयाचा आदेश) देता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली गुजरातमधील एका विश्वस्त संस्थेच्या महाविद्यालयाच्या प्रकरणात मान्य केले आहे.

उच्च न्यायालयाचे कामकाज इंग्रजीत चालते, म्हणून मराठी पत्रांच्या भाषांतराची व्यवस्था वकिलांना आधीच विचारून करावी. विद्यार्थी १८ वर्षांचा झालेला नसल्यास याचिका पालकामार्फत करावी लागते. याचिकेच्या सुरुवातीला दोन पानांचा तारीखवार गोषवारा असावा: प्रवेश कधी, कागदपत्रे कधी दिली, पात्रता प्रस्ताव कधी गेला, पहिली हरकत कधी आली, तुम्ही कधी उत्तर दिले, परीक्षा कधी. न्यायमूर्तींच्या हातात प्रथम हीच पाने असतात. खर्चाची अडचण असेल, तर महिला, अनुसूचित जाती-जमातींचे विद्यार्थी आणि दिव्यांग विद्यार्थी यांना १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो; इतरांना उत्पन्नमर्यादेनुसार मिळतो. उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करावा. हा हक्क आहे. तो मागताना संकोच करू नये.

विलंबाबद्दल तर कितीही वेळा सांगितले तरी कमीच आहे. एमबीबीएसच्या प्रवेशाबाबत २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, स्वतःचा कोणताही दोष नसताना प्रवेश नाकारला गेलेल्या आणि तातडीने न्यायालयात आलेल्या गुणवान विद्यार्थ्याला अपवादात्मक प्रकरणात मुदतीनंतर एका महिन्याच्या आत प्रवेश देता येईल आणि ते शक्य नसल्यास पुढील वर्षी जागा देण्याचा विचार करता येईल. या दिलाशाची पहिली अट तत्परता हीच आहे. नकाराचे पत्र मिळाल्यावर महिनाभर आश्वासनांवर थांबलेल्या विद्यार्थ्याला नंतर तो महिना कोणीही भरून देत नाही.

अंतरिम आदेश: काय मागावे आणि काय सहन करावे

परीक्षा जवळ असेल तर याचिकेसोबत अंतरिम दिलासा मागावा आणि दाखल होताच तातडीच्या सुनावणीसाठी वकिलांनी प्रकरण मेन्शन करावे, म्हणजे न्यायालयासमोर तोंडी उल्लेख करून लवकरची तारीख मागावी. त्यासाठी परीक्षेचे वेळापत्रक आणि परीक्षा अर्ज भरण्याची अंतिम तारीख जोडलेली असावी. कार्यालयीन हरकती, म्हणजे अस्पष्ट प्रती, सुटलेली सही, पृष्ठक्रमांक या बाबी त्याच दिवशी दूर कराव्यात, कारण हरकती शिल्लक असल्यास सुनावणी आणखी लांबू शकते.

अंतरिम आदेश मिळालाच, तर तो बहुधा अशा स्वरूपाचा असतो: विद्यार्थ्याने स्वतःच्या जबाबदारीवर परीक्षेला बसावे, निकाल मोहोरबंद ठेवावा आणि या आदेशामुळे त्याला समन्यायाचा (इक्विटीचा, म्हणजे केवळ न्याय्यतेच्या आधारावरचा) कोणताही हक्क मिळणार नाही. शेवटची अट नीट समजून घ्यावी. तिचा अर्थ असा की, पुढे याचिका फेटाळली गेली तर ‘मी परीक्षा दिली आणि उत्तीर्णही झालो’ हे सांगून काही मिळत नाही. म्हणून अंतरिम आदेशानंतर निवांत न होता अंतिम सुनावणीची तारीख मागत राहावे आणि शक्य असल्यास दुसऱ्या अभ्यासक्रमाचा प्रवेश हातचा सोडू नये.

नियम ज्या संस्थेचा आहे तिची भूमिका काय, हेही पाहावे. २०२० साली कोविडच्या काळात महाराष्ट्रातील अंतिम वर्षाच्या परीक्षा न घेता पदवी देण्याचा राज्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २८ ऑगस्ट रोजी अमान्य केला. परीक्षा पुढे ढकलण्यासाठी राज्याने अनुदान आयोगाकडे जावे, पण परीक्षेविना उत्तीर्ण करता येणार नाही, असे ठरले. लाखो विद्यार्थी आणि राज्य शासन एका बाजूला असूनही आयोगाचा नियम टिकला. शासनाचे अनुकूल पत्र हाती असले तरी शिखर संस्थेचा नियम त्याच्या विरुद्ध आहे का, हे तपासल्याशिवाय त्यावर विसंबू नये, एवढा धडा त्या निकालातून व्यवहारात घ्यावा.

आदेश मिळाल्यावर

आदेश संकेतस्थळावर येताच त्याची प्रत काढावी, प्रमाणित प्रतीसाठी अर्ज करावा आणि परीक्षा नियंत्रक, पात्रता विभाग व प्राचार्य या तिघांना स्वतंत्र पत्रासह ती देऊन पोच घ्यावी. एका विभागाला दिलेली प्रत दुसऱ्या विभागापर्यंत आपोआप पोहोचत नाही आणि परीक्षा केंद्रावर ‘आम्हाला काही कळवलेले नाही’ असे ऐकावे लागते; त्या दिवशी आदेशाची प्रत हॉल तिकिटासोबत खिशात असावी. विद्यापीठाला फेरविचाराची मुदत दिली असेल, तर शेवटच्या दिवशी लेखी स्मरणपत्र द्यावे. मुदत उलटून गेल्यावर अवमान याचिकेचा मार्ग खुला असतो, पण तिच्याआधी वकिलामार्फत नोटीस पाठवली तर बहुतेक वेळा निर्णय आठवडाभरात हाती येतो. निर्णय पुन्हा प्रतिकूल आला, तर त्यात दिलेल्या कारणांनाच नव्या याचिकेत आव्हान द्यावे आणि त्यासाठी पहिल्या आदेशाची, स्मरणपत्राची व निर्णय मिळाल्याच्या तारखेची नोंद त्याच फाइलमध्ये लावून ठेवावी.